नळीतून गेलेली फिरनी

फीडिंग कप परत आला तो भरलेलाच.

सिस्टरने तो माझ्या टेबलावर ठेवला आणि म्हणाली, "दोन घोट घेतले. मग भिंतीकडे तोंड केलं. आता तुम्हीच बघा, बाई."

फीडिंग कप म्हणजे किटलीसारखी तोटी असलेला चिनी मातीचा कप. ज्यांना उठून बसता येत नाही किंवा तोंड उघडता येत नाही, त्यांच्यासाठी. आमच्या या पेशंटच्या कपाच्या तोटीला वर एक बारीक रबरी नळीही जोडलेली होती. कारण त्याचं तोंड उघडतच नव्हतं.

ही गोष्ट बहात्तर सालची, थंडी सरत आली तेव्हाची. मी भिंगारच्या छावणीतल्या एका हॉस्पिटलमध्ये डाएटिशियन होते. कोणत्या पेशंटला काय खायला द्यायचं ते ठरवायचं आणि ते तसंच शिजतंय का हे बघायचं, एवढं माझं काम. लढाई संपून थोडेच महिने झाले होते. वॉर्ड भरलेले होते.

हा पेशंट जमील. रणगाड्यावरचा जवान, लखनौकडचा, वय पंचविशीच्या आत. तोफगोळ्याची कपची लागून त्याच्या खालच्या जबड्याचं हाड तुटलं होतं. वरचे आणि खालचे दात तारांनी एकमेकांना घट्ट बांधून टाकले होते, म्हणजे जबडा हलणार नाही. अशा माणसाला चावता येत नाही. शेवटच्या दाढेच्या मागे थोडी फट असते. गालातून तिथपर्यंत नळी सरकवायची आणि पातळ अन्न सोडायचं. बोलता येतं, पण दातांच्या मागून, पुटपुटल्यासारखं.

त्याला मी दूध-अंडं, डाळीचं गाळलेलं पाणी, चिकन सूप, सगळं देऊन पाहिलं होतं. कागदावर माझा आहार चोख होता. पोटात मात्र काहीच जात नव्हतं.

मेजरसाहेब आमचे सर्जन. मूळचे बेळगावचे, म्हणून माझ्याशी मराठीत बोलत. राऊंड संपवून ते थेट माझ्या खोलीत आले.

"बाई, याचं दुसरं ऑपरेशन करायचंय. कमरेच्या हाडाचा तुकडा काढून जबड्यात बसवायचा. पण वजन असंच उतरत राहिलं तर मी त्याला टेबलावर घेणार नाही."

"नाकातून नळी?"

"एकदा घातली होती. त्याने उपटून काढली. तरी येत्या सोमवारी पुन्हा घालीन, हात बांधून. दुसरा उपाय नाही."

"सोमवारपर्यंत थांबा, साहेब."

"थांबतो. पण आहाराचा तक्ता बदलून काही होणार नाही. त्याने गिळलं पाहिजे."

मी वॉर्डात गेले. जमीलच्या पलंगाच्या उशाशी एक छोटी कात्री दोरीने टांगलेली होती. तारा कापायची कात्री. जबडा बांधलेल्या माणसाला उलटी झाली तर ती बाहेर पडायला वाट नसते, श्वासात जाऊन जीव जाऊ शकतो. म्हणून कात्री हाताशी ठेवतात. आमच्या दृष्टीने ती काळजी होती. त्याला मात्र ती दिवसरात्र डोळ्यांसमोर दिसत होती.

मी स्टूल ओढून बसले. "खाते क्यूँ नहीं?"

तो भिंतीकडेच बघत राहिला. मग दातांमागून आवाज आला, "बू आती है, मॅडम. दूध हो, सूप हो, सब में रबर की बू. जी मिचलाता है. उलटी हो गई तो?" आणि त्याने कात्रीकडे पाहिलं.

मी कप घेऊन किचनमध्ये आले. तोच कप, तीच नळी. कोमट दूध-अंडं भरलं आणि नळीतून एक मोठा घोट ओढला. खरं सांगते, तो घोट मला बेसिनमध्ये टाकावा लागला. सायकलची ट्यूब दुधात उकळावी तसा वास. आणि हे मी आठवडेच्या आठवडे लोकांना देत होते.

परत जाऊन विचारलं, "घर में क्या अच्छा लगता था?"

यावेळी उत्तर लगेच आलं. "फिरनी. अम्मी बनाती थीं. गुलाबजल डाल के."

आता फिरनी आणि आपली खीर यांत फरक आहे. आपल्या तांदळाच्या खिरीत शीत दिसतं. फिरनीत तांदूळ भिजवून रवाळ वाटतात, दुधात शिजवतात आणि मातीच्या वाडग्यांत थिजायला ठेवतात. चमच्याने कापून खावी इतकी ती घट्ट होते. म्हणजे अडचण उघड होती. जी थिजते ती फिरनी, आणि जी थिजते ती नळीतून जाणार नाही.

आमचे मुख्य आचारी विठोबाकाका. तिसगावचे. लग्नाच्या पंगतींचा स्वयंपाक करून हात तयार झालेला माणूस. त्यांनी पहिल्या दिवशी तांदूळ रवाळ वाटून सुंदर फिरनी केली. तोटीतच अडकली. दुसऱ्या दिवशी तांदळाची वस्त्रगाळ पिठी करून केली. गरम असताना झकास वाहिली. वॉर्डात पोचेपर्यंत निवली आणि तिची खळ झाली.

काका पळीने ती उचलून बघत म्हणाले, "बाई, ह्यानं सिनेमाची पोस्टरं डकवावीत. मान्साच्या पोटात घालायची न्हाई ही."

"पिठी कमी केली तर?"

"मंग नुसतं दूधच की. फिरनी कशाची!"

काकांचं बरोबर होतं. शिवाय पिठी कमी केली तर पोषणही कमी. मला त्या एका कपात जास्तीत जास्त अन्न बसवायचं होतं.

तांदळात स्टार्च असतो. शिजताना तो पाणी पिऊन फुगतो आणि निवल्यावर एकमेकांना धरून बसतो. ही धरपकड सोडवायची कशी? मला कॉलेजातला एक तास आठवला. धान्याला मोड येतात तेव्हा त्यात एक द्रव्य तयार होतं, जे स्टार्चचे लांब धागे तोडतं. कोंबाला साखर मिळावी म्हणून ही निसर्गाची सोय. तेच द्रव्य आपण फिरनीत वापरलं तर?

मी गहू भिजत घातले. मोड आणले, कडक उन्हात वाळवले. काका ते भाजायला निघाले होते. मी थांबवलं. भाजले की ते द्रव्य मरतं. तसेच दळून बारीक चाळून घेतले.

मग पुन्हा दाट फिरनी केली. मुद्दामच जास्त दाट, पळी उभी राहील अशी. खाली उतरवली. बोट बुडवलं तर चटका बसेल पण सोसेल, इतकी निवू दिली. त्यात चमचाभर मोडाचं पीठ दुधात कालवून घातलं आणि ढवळत राहिले.

काका कमरेवर हात ठेवून बघत होते. थोडा वेळ काही झालं नाही. मग पळी हलकी लागायला लागली. बघता बघता ते खळीसारखं प्रकरण सैल झालं आणि पळीवरून साईच्या दुधासारखी धार लागली. पाण्याचा एक थेंबही न घालता.

"आगं आई!" काका म्हणाले. "कुठं गेला समदा घट्टपना?"

"इथंच आहे काका. सगळं अन्न आतच आहे."

ती एक उकळी आणून मलमलीतून गाळली आणि झाकून ठेवली. निवल्यावरही वाहत राहिली. मी त्या दिवशी जेवायला विसरले.

पण काम अर्धंच झालं होतं. वास राहिला होता.

बाजारातून गुलाबपाण्याची बाटली आणली. जमीलला नुसती हुंगायला दिली. "ये तो साबुन है, मॅडम." त्याचं खरं होतं. ते कृत्रिम वास घातलेलं नुसतं पाणी होतं.

म्हणजे गुलाबपाणी आपणच काढायचं. छावणीतल्या एका बंगल्याच्या बागेत मोठाले विलायती गुलाब होते. तिथल्या मेमसाहेबांनी मोठ्या मनाने टोपलीभर दिले. रंग काय, आकार काय! वास मात्र कोबीला असेल तेवढाच. मग मी भिंगारच्या बाजारात फूलवालीकडे गेले. तिच्याकडे गुलकंदाला नेतात तो गावठी गुलाब होता, बारका, फिका गुलाबी.

"सगळी द्या," मी म्हटलं.

"समदी? कुनाचं लगीन हाय, ताई?"

"खीर करायचीय पेशंटसाठी."

"गुलाबाची खीर!" ती हसली आणि वर दोन मुठी जास्त टाकल्या. "मंग ह्ये माझ्याकडनं. बरा झाला म्हंजी सांगा."

गुलाबपाणी काढायला ऊर्ध्वपातनाचं यंत्र लागतं. म्हणजे पाणी उकळायचं, वाफ थंड करायची आणि टपकणारं पाणी धरायचं. औषधांसाठी असं शुद्ध पाणी काढायचं एक काचेचं जुनं यंत्र डिस्पेन्सरीत होतं, वापरात नसलेलं. तिथले देशमुख यंत्रासमोर हात पसरून उभे राहिले.

"बाई, हे औषधाचं भांडं आहे. खिरीसाठी देऊ?"

"देशमुख, मीही औषधच करतेय."

"साहेबांनी विचारलं तर?"

"माझं नाव सांगा. नळी घालायची वेळ टळली तर तुमचंही सांगू."

त्यांनी जरा विचार केला, शर्टाच्या बाह्या सारल्या आणि म्हणाले, "मग मीच लावतो. तुम्ही फोडाल."

पहिल्या खेपेला आम्ही हावरटपणा केला. शेवटपर्यंत थेंब धरत राहिलो. सुरुवातीचं पाणी सुगंधी होतं, नंतरच्या पाण्याला शिजवलेल्या पालेभाजीचा वास. सगळं एकत्र होऊन वाया गेलं. दुसऱ्या खेपेला आच मंद ठेवली आणि पहिली धारच तेवढी घेतली. छोटी बाटली भरली. देशमुखांनी बूच लावण्याआधी तीनदा हुंगलं आणि काही न बोलता लेबल चिकटवलं.

यंत्राच्या बुडाशी पाकळ्यांचं उकळलेलं पाणी उरलं होतं. त्यात मी नवी रबरी नळी बराच वेळ उकळली. मग त्या नळीतून दूध ओढून पाहिलं. रबर होतं, पण कुठेतरी लांब.

रविवारी दुपारी फिरनी तयार झाली. गुलाबपाणी अगदी शेवटी घातलं, पूर्ण निवल्यावर. गरम पदार्थात घातलं तर ते किचनला मिळतं, पेशंटला नाही.

मी कप लगेच दिला नाही. आधी एका वाटीत फिरनी घेऊन जमीलच्या नाकाजवळ धरली. त्याने डोळे मिटले. श्वास घेतला. पुन्हा घेतला. त्याचा गळा हलला. तोंडाला पाणी सुटल्यावर माणूस गिळतो तसा. मी कित्येक आठवड्यांत त्याला आपणहून गिळताना पाहिलं नव्हतं.

नळी त्याने माझ्या हातातून स्वतः घेतली आणि गालात सरकवली. एक घोट. थांबला. मी नकळत कात्रीकडे पाहिलं. दुसरा घोट. मग तो थांबलाच नाही. शेवटी रिकाम्या कपाचा सुर्र असा आवाज आला आणि शेजारच्या पलंगांवरचे जवान हसले.

"और है?" दातांमागून प्रश्न आला.

वॉर्डाच्या दारात काका उभे होते. आत यायची परवानगी नव्हती, तरी आले. "लई हाय, बाबा! पातेलंभर हाय!"

सोमवारी मेजरसाहेब नळी घेऊनच आले. सिस्टरने त्यांना रविवारपासून रिकामे झालेले कप सांगितले. त्यांनी वजनकाटा मागवला. वजन वाढलं नव्हतं, पण उतरायचं थांबलं होतं.

"काय दिलंत?"

"फिरनी."

"नळीतून? फिरनी?" त्यांनी कप हुंगला, एक घोट घेतला आणि मग उरलेली सगळी संपवली. ती जमीलची दुपारची होती. आम्हाला पुन्हा करावी लागली.

पुढे त्याच फिरनीत आम्ही अंडं मिसळलं, लोणी मिसळलं, दुधाची पावडर मिसळली. मोडाच्या पिठाने सगळं वाहतं राहिलं आणि गुलाबाने सगळं खपवलं. जमीलचं वजन चढलं. ऑपरेशन झालं. बसवलेलं हाड जुळून आलं. तारा काढल्या त्या दिवशी काकांनी खरी फिरनी केली, मातीच्या वाडग्यात थिजवलेली. जमीलने चमचा घेतला, हळूहळू जबडा हलवला आणि म्हणाला, "अम्मी शक्कर ज़्यादा डालती हैं." काका दिवसभर फुगून बसले. मी मात्र जाऊन फूलवालीला सांगून आले. तिने माझ्या वेणीत एक गुलाब खोचला.

जबडा बांधलेले इतरही पेशंट वॉर्डात होते. उत्साहाच्या भरात मी सगळ्यांनाच गुलाबाची फिरनी पाठवली. साताऱ्याकडच्या एका जवानाने ती परत धाडली. म्हणे, देवळात बसल्यासारखं वाटतं, लसणाची फोडणी दिलेली कढी द्या. ती गाळून दिली, तर त्याने तीन कप ओढले.

तेव्हापासून नवा पेशंट आला की कॅलरीचा हिशोब मी नंतर करायचे. आधी विचारायचे, घरी स्वयंपाकघरातून कसला वास आला की तुला भूक लागायची? हे कॉलेजात शिकवत नाहीत. शिकवलं तर तक्ते बनवणाऱ्यांचं बरंच काम वाचेल.