गुळाच्या वखारीतली शाळा

शांतादेवींच्या डोक्यात एखादी गोष्ट आली की ती पायात उतरायला वेळ लागत नसे. १९५२च्या जूनमध्ये त्यांच्या डोक्यात शाळा आली, आणि तिसऱ्या दिवशी कसबा बावड्यात नवऱ्याच्या गुळाच्या वखारीत एकोणचाळीस मुली मांडी घालून बसल्या.

हंगाम सरल्यामुळं वखार रिकामीच होती. नवरा रुद्रय्या, शांत स्वभावाचा व्यापारी. त्यांना बातमी कळली ती एका गिऱ्हाइकाकडून.

"अगं, इचारायचं तरी!"

"इचारलं असतं तर न्हाय म्हणला असता की," शांतादेवी म्हणाल्या. "मग तुमचा शब्द मोडायचं पाप माझ्या माथी."

रुद्रय्यांनी टोपी डोक्यावर चढवली. ते पाटी-पेन्सिली आणायला गेले.

शांतादेवी कुरुंदवाडच्या माहेरी मराठी सातवी, म्हणजे फायनल, पहिल्या नंबरानं पास झालेल्या. लग्नाआधी दोन वर्षं त्यांनी पोरींना शिकवलंही होतं. बावड्यात शाळा नव्हती असं नाही. पण तिथं सकाळी जावं लागे, आणि सकाळी आया शेतावर गेल्या की धाकटी भावंडं पोरींच्या कडेवर. त्यामुळं शांतादेवींच्या शाळेचा नियम एकच होता: दुपारी या, आणि भावंडाला घेऊन या.

म्हणून वखारीत एकोणचाळीस मुली आणि चौदा तान्ही, रांगती पोरं. वर्षानुवर्षं गुळाच्या ढेपा टेकून भिंती गोड झालेल्या. पोरी पाढे म्हणायच्या, पोरं भिंती चाटायची, आणि पाट्यांवरून मुंग्यांची रांग चालायची. "मुंग्या मोजा," शांतादेवी म्हणायच्या. झुंबरबाई नावाच्या गवळणीची थोरली चारच दिवसांत शंभरापर्यंत मोजायला शिकली.

पंधरवड्यानं शिक्षण खात्याचे दिपोटी, म्हणजे शाळा तपासणारे साहेब, आले. त्यांना बसायला दिलेल्या पोत्याच्या घडीत मुंग्यांचं बिऱ्हाड होतं, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. साहेब प्रश्न विचारता विचारता उठले, एका पायावर उभे राहिले, मग दुसऱ्यावर. पोरींना वाटलं कवायत आहे. सगळ्याजणी उठून तशाच नाचू लागल्या.

आठवड्यात नोटीस आली. खात्याच्या परिपत्रकानुसार बावड्यात एक शाळा असताना दुसरीची गरज नाही. परवानगीवाचून काढलेली ही शाळा सात दिवसांत बंद करावी.

शांतादेवी पहिल्यांदाच धास्तावल्या. नोटीस पदरात बांधून त्या तडक शहरात ओळखीच्या नृसिंह वकिलांकडं गेल्या. वकिलांनी ती दोनदा वाचली आणि खुर्चीतून उडालेच.

"शांताबाई, राज्यघटना आल्यापासून दोन वर्षं असल्या कागदाची वाट बघतोय मी!"

"म्हंजे शाळा बंद न्हाय करायची?"

"नीट ऐका. मान्यता द्यायची की नाही, ते खातं ठरवेल. अनुदान तर त्यांचंच. पण शाळा काढणं हा तुमचा हक्क. त्याला लगाम घालायचा तर विधिमंडळानं केलेला कायदा हवा, आणि तोही वाजवी, लोकांच्या हिताचा. हे नुसतं खात्याचं परिपत्रक! याच्यामागं कायदाच नाही."

बरोबर आलेले रुद्रय्या दारातच उभे होते. "सरकारच्या अंगावर जायचं म्हणता?"

"अंगावर न्हाय वं," शांतादेवी म्हणाल्या. त्यांचा जीव आता पुन्हा हवेत तरंगत होता. "मुंबईला."

हायकोर्टात अर्ज गेला. सुनावणी होईस्तोवर शाळा चालू ठेवायला कोर्टानं मुभा दिली. तारीख लागली ती ऐन सप्टेंबरात. शांतादेवींची गाडी हातकणंगल्याला थांबली तेव्हा त्यांची थोरली बहीण अक्का फलाटावर उभी. तिनं खिडकीतून भाकऱ्यांचं गाठोडं आत लोटलं आणि साऱ्या डब्याला ऐकू जाईल असं ओरडली, "पावणं, जरा सरकून बसा! माझी भन सरकारला शिकवाय निघालीया!" डब्यात हशा पिकला. पावण्यांनी जागा दिली, आणि मिरजेपर्यंत भाकऱ्याही संपवल्या.

कोर्टात न्यायमूर्तींनी सरकारी वकिलांना विचारलं, "शाळा बंद करायचा हुकूम कोणत्या कायद्याखाली काढला?"

"परिपत्रकाखाली, महाराज."

"आणि परिपत्रक कोणत्या कायद्याखाली?"

सरकारी वकिलांनी कागद चाळले. पुन्हा चाळले. नृसिंह वकिलांनी टेबलाखाली स्वतःचाच गुडघा घट्ट दाबून धरला होता. नाहीतर त्यांनी उभं राहून टाळी वाजवली असती.

मग न्यायमूर्तींनी नृसिंह वकिलांना विचारलं, "जागा मुलांना सुरक्षित आहे का?" वकील घुटमळले. मागून शांतादेवीच उठल्या.

"एकच दार हाय, साहेब. आग लागली तर पंचाईत हाय. दुसरं पाडतो की आम्ही. पण शाळा बंद करू नका."

न्यायमूर्तींनी ते लिहून घेतलं. निकालात त्यांनी सांगितलं, मुलांच्या जिवासाठी आणि आरोग्यासाठी सरकारनं जरूर अटी घालाव्यात, पण जवळ दुसरी शाळा आहे एवढ्यावर कुणाची शाळा मोडता येणार नाही. हुकूम रद्द. महिन्यात दुसरं दार आणि शौचकूप बांधावं.

परत येताना शांतादेवींना ना झोप आली, ना बसवलं. डब्यात ज्याला त्याला त्या निकाल सांगत सुटल्या. पुण्याला चढलेल्या एका बाईंनी तर पत्ताही लिहून घेतला.

बावड्यात पोचल्या तर रुद्रय्या हातात पहार घेऊन वखारीसमोर उभे! वकिलांची तार आदल्या दिवशीच मिळाली होती. आता दिवाळीनंतर गूळ कुठं ठेवायचा, असं शांतादेवींनी विचारलं.

"ठेवू कुठंतरी. गूळ काय शिकाय मागतोय?" एवढं लांब वाक्य ते चारचौघांत कधी बोलले नव्हते. त्यांनी पहिला घाव घातला. भिंत फुटली, उजेड आत घुसला, आणि माती बसायच्या आतच पोरी नव्या दारातून आत, जुन्यातून बाहेर, पुन्हा नव्यातून आत, भावंडं कडेवर नाचवत गरागरा फिरू लागल्या. चौथ्या फेरीला पदर खोचून शांतादेवीही त्यांत होत्या.

खात्याची मान्यता यायला पुढं चार वर्षं लागली. तोवर मुलींची संख्या नव्वदवर गेली होती, आणि गूळ अक्काच्या माजघरात.