कै. अध्यक्षांच्या हुकमावरून

तीस वर्षं मी ठाण्याच्या एका कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं. एक प्रश्न परीक्षेत हमखास यायचा: सार्वभौम सत्ता कशाला लागते? चारेकशे वर्षांपूर्वी युरोपात यादवीने पोळलेल्या विचारवंतांनी त्याचं जे उत्तर दिलं, ते मी फळ्यावर उतरवून द्यायचो. माणसांचं राजावर प्रेम नसतं, त्यांना शेजाऱ्याची भीती असते. म्हणून सगळे मिळून एकाच्या हाती दांडका देतात आणि त्याच्या शब्दाला कायदा म्हणतात. मुलं हे पाठ करून पास व्हायची. मीही ते पाठच केलेलं होतं, हे निवृत्तीनंतर ठाण्यापलीकडच्या दिव्याला राहायला आल्यावर कळलं.

आमच्या इमारतीला दोन विंग आणि पंप एक. पाणी मुळातच कमी. पंपाजवळचा व्हॉल्व्ह ज्या बाजूला फिरवाल त्या विंगची टाकी आधी भरते. उरलं तर दुसरीला. ए विंगमध्ये मूळचे गाववाले, ज्यांच्या भातशेतावर ही इमारत उभी आहे. बी विंगमध्ये आम्ही नोकरदार, सोसायटीचे नियम तोंडपाठ असलेले. एका उन्हाळ्यात आमच्यातल्या एकाने व्हॉल्व्हला सायकलचं कुलूप घातलं. त्यांच्यातल्या एकाने ते कापलं. मग पान्याने एकाचं डोकं फुटलं आणि तीन दिवस पंप बंद राहिला. माझी आई खुब्याचं हाड मोडून अंथरुणावर आहे. ते तीन दिवस मी तिला विकतच्या बाटलीतल्या पाण्याने पुसून काढलं.

चौथ्या दिवशी ए विंगमधल्या एका थोराड गृहस्थांनी व्हॉल्व्हची चावी खिशात घातली. "आता मी सांगन तसा," एवढंच म्हणाले. निवडून कोणी दिलं नव्हतं. हायसं मात्र सगळ्यांना वाटलं. त्याच संध्याकाळी ते आईसाठी स्वतः एक कळशी घेऊन चार जिने चढून आले.

अध्यक्ष झाल्यावर त्यांनी थाट केला. सभेत त्यांच्या खुर्चीवर पांढरा टॉवेल असे. रोज दुपारी दोनच्या आत नोटीस बोर्डावर चिठ्ठी लागे: 'उद्या आधी ए, मग बी. हुकमावरून, अध्यक्ष.' खाली जांभळा शिक्का. मी त्यांना पाठीमागे 'महाराज' म्हणायचो. पण एक दिवस ए, एक दिवस बी, हा क्रम महाराजांनी एकदाही मोडला नाही.

यंदा होळीनंतर ते झटक्यात गेले. स्मशानातून परतलो तर बोर्डावर चिठ्ठी: 'उद्या आधी बी, मग ए.' शिक्क्यासकट. जाण्याआधी लिहून ठेवली असेल, म्हटलं. दुसऱ्या दिवशी आणखी एक लागली. मग रोजच. महिना गेला, दोन गेले. त्याबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. सभा झाली तेव्हा टॉवेलवाली खुर्ची मधोमध रिकामी होती आणि निवडणुकीचा विषय एकमताने पुढे ढकलला गेला. मीही हात वर केला. आईला ते गेल्याचं मी सांगितलं नव्हतं.

वॉचमनला विचारलं. चावी अध्यक्षांनी केव्हाच त्याच्याकडे दिली होती; तो रोज सकाळी चिठ्ठी वाचून व्हॉल्व्ह फिरवतो. "चिट्ठी है तो पानी है, सर. कौन लगाता है, मैंने कभी देखा नहीं. आप भी मत देखो."

शेवटी अध्यक्षांच्या पत्नीकडे गेलो. चहा पुढे ठेवून त्या म्हणाल्या, "सर, मी तर समजत होती तुमीच लावता."

"मी?"

"शिकलेले तुमी. म्हटलं सर हायेत म्हनून चाललंय."

"आणि शिक्का?"

"वॉचमनच्या टेबलाच्या खणात. त्याला कुलूप कधी व्हता?"

मग एका रविवारी, दुपारी तीन वाजता, बोर्ड रिकामा दिसला. चार वाजताही तसाच. माणसं एकेक करून यायची, नुसत्या टाचणीकडे बघायची आणि परत जायची. पाच वाजता ए विंगमधले चौघे पंपाशेजारी खुर्च्या टाकून बसले. आमच्याकडून तो सायकलचं कुलूप घालणारा, कुलूपवाला, हातात पाना घेऊन उतरला.

"नळ गळतोय."

"हितं कुठला नळ, भाऊ?" चौघांतला एक हसून म्हणाला. बाकीचे हसले नाहीत.

मी वर आलो. आई म्हणाली, "उद्या अंघोळ घालशील ना रे? अंगाला वास येतोय माझ्या."

पुन्हा खाली आलो. वॉचमनच्या केबिनमध्ये कोणी नव्हतं. खणात शिक्का होता आणि तारेत ओवलेल्या जुन्या चिठ्ठ्या. मी त्या उलटून बघितल्या. एक शाळकरी गोल अक्षरात होती. एक थरथरत्या हाताची. एकीचं अक्षर उजवीकडे झुकलेलं होतं, तक्रारअर्जांतून माझ्या चांगल्याच ओळखीचं: कुलूपवाल्याचं. सलग दोन चिठ्ठ्या एका हाताच्या क्वचितच. इतकी माणसं या खणापर्यंत येऊन गेली होती आणि एकालाही दुसरा दिसला नव्हता.

पाळी ए विंगची होती. बी लिहिलं तर आईची अंघोळ नक्की. ए लिहिलं तर आमच्याकडे काही उरेलच असं नाही. पण ती तारेतली चळत माझ्या हातात होती, आणि कुलूपवाल्यानेसुद्धा त्याच्या चिठ्ठीत 'आधी ए' लिहिलं होतं. मी 'ए' लिहिलं, शिक्का मारला, चिठ्ठी टाचली.

मघाचा तो हसणारा आला. त्याने चिठ्ठी मोठ्याने वाचली. मग माझ्या जांभळ्या झालेल्या अंगठ्याकडे बघितलं.

"अध्यक्षसायबांचं अक्षर आज लई सुबक हाय."

"सावकाश लिहिलं असेल," मी म्हटलं.

चौघांनी खुर्च्या उचलल्या. कुलूपवाला आपला गळका नळ शोधायला निघून गेला.

सकाळी बराच वेळ आमचा नळ नुसता खाकरत राहिला. मग दोन बादल्या पाणी आलं. आईला अंघोळ घातली, पाठ पुसली. तिने समाधानाने डोळे मिटले.

"त्या अध्यक्षांना म्हणावं, शंभर वर्षं जगा."

"सांगतो," मी म्हटलं.