विठ्ठलकाकांचं स्थलांतर

मागच्या वर्षी एका शनिवारी दुपारी माझ्या हातून माझे चुलतसासरे गेले. निदान तसं मी स्वतः लिहून सगळ्या नातेवाइकांना कळवलं होतं.

हे नीट समजायचं तर आधी आमच्या अक्कांबद्दल सांगायला हवं. अक्का म्हणजे माझ्या सासूबाई. मी मूळची नाशिकची. नोकरीसाठी बंगळूरला आले आणि राजाजीनगरच्या एका जुन्या मराठी घरात सून होऊन बसले. या घराण्याला इथे येऊन इतक्या पिढ्या झाल्यात की मंडळी बोलतात मराठीत आणि रागावतात कन्नडमध्ये. आमची मुलगी गार्गी कॉलेजसाठी हॉस्टेलला गेली तेव्हा तिचा हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम कपाटावर राहिला. 'धूळ बसत्ये' म्हणून अक्कांनी तो पुसायला घेतला, तो परत कपाटावर गेलाच नाही.

खेळ साधा होता. रानावनात हिंडायचं, चित्रविचित्र प्राणी पकडायचे, त्यांना पाळायचं आणि दुसऱ्यांच्या प्राण्यांशी लढवायचं. आम्हाला वाटलं, आठवडाभरात कंटाळतील. पण अक्कांनी आयुष्यभर माणसं गोळा केलेली, त्यांना प्राणी काय जड? जो सापडेल त्याला त्या घरातल्या कुणाचं तरी नाव द्यायच्या. माझा नवरा रवी हे एक झोपाळू अस्वल होतं. माझी नणंद सुषमा आग ओकणारी कोंबडी होती. (सुषमाला हे अजून माहीत नाही. ती माझं लिहिलेलं काही वाचत नाही, म्हणून बिनधास्त सांगतेय.) संध्याकाळी मी कामावरून आले की अक्का सांगायच्या, "आज सुषमाने एका बैलाला लोळवलं." मीही 'हो का' म्हणून चहा टाकायची.

या सगळ्या गोतावळ्यात अक्कांचं सर्वांत लाडकं होतं ते एक हिरवं कासव. कुणी जरा डोळे वटारले की ते मान आत घेऊन बसायचं. त्याचं नाव होतं विठ्ठलकाका.

खरे विठ्ठलकाका म्हणजे अक्कांचे धाकटे दीर. शहराबाहेर देवनहळ्ळीला त्यांची थोडी जमीन आहे, तिथे एकटेच राहतात आणि चकोत्याची झाडं सांभाळतात. चकोता म्हणजे आपलं पपनस. अक्का लग्न होऊन आल्या तेव्हा काका शाळेत जात होते. त्यांचे डबे अक्कांनी भरले, त्यांच्या प्रगतिपुस्तकावर सह्याही अक्कांनीच केल्या. पण माझ्या सासऱ्यांच्या श्राद्धाला काका चारचौघांत म्हणाले, "वैनी, पोळ्या हल्ली दुकानातल्या वाटतं." पोळ्या अक्कांनी पहाटे उठून केलेल्या होत्या. अक्का म्हणाल्या, "मग आपल्या घरी जेव." काका पानावरून उठले. तेव्हापासून बोलणं बंद. त्याला वर्ष उलटून गेलं होतं. मध्ये काकांच्या हृदयाला स्टेंट बसला, तेव्हाही अक्का भेटायला गेल्या नाहीत. मात्र खेळातल्या कासवाला त्या कधी लढायला पाठवायच्या नाहीत. "त्याला बीपी आहे," म्हणायच्या.

तर त्या जुन्या गेमची बिजागरी मोडली. पडदा धरला की प्राणी दिसायचे, सोडला की जायचे. म्हणून रवीने अक्कांच्या वाढदिवसाला नवीन यंत्र आणलं, त्यात त्याच खेळाची नवी आवृत्ती होती. अक्कांनी खोकंही उघडू दिलं नाही. आधी विचारलं, "माझी माणसं यात येणार का?"

मी म्हटलं, येणार. मी आणते.

इथे माझ्या नोकरीबद्दल सांगणं भाग आहे. मी एका सरकारी संशोधन संस्थेत काम करते. फार लांबवर असलेल्या यंत्रांकडून येणारी माहिती वाटेत कुठे सांडत तर नाही ना, हे बघणं माझं काम. त्यामुळे अक्कांनी जेव्हा शंकेने विचारलं, की जमेल ना तुला, नाहीतर राहू दे, तेव्हा मी नुसती हसले. ते हसणं आठवलं की अजून माझी कानशिलं तापतात.

पद्धत अशी होती, की जुन्या खेळातले प्राणी आधी माझ्या फोनवरच्या एका ॲपमध्ये न्यायचे, आणि तिथून नव्या खेळात. म्हणजे मध्ये एक धर्मशाळा. अट एकच. जुन्या खेळातून जो निघाला त्याला परत जाता येत नाही. हे ऐकल्यावर अक्का म्हणाल्या, "आधी रवीला पाठवून बघ."

रवी सुखरूप पोचला. झोपलेलाच होता. मग सुषमा, तिचा नवरा, तीन माम्या, समोरच्या घरातल्या लक्ष्मम्मा, सगळे ओळीने गेले. अक्कांचा माझ्यावर विश्वास बसला आणि त्या दुपारच्या झोपेला गेल्या. शेवटच्या खेपेत विठ्ठलकाका होते. मी बटण दाबलं. जुन्या खेळातून काका निघाले. ॲपमध्ये बघितलं, काका नाहीत. ॲपमधली सगळी खेप नव्या खेळात उतरवून बघितलं, तिथेही नाहीत. नाव टाकून शोधलं. 'या नावाचं कुणी नाही' असं उत्तर आलं.

रवी त्या शनिवारी बेळ्ळंदूरच्या ऑफिसात अडकला होता. मी त्याला घाईघाईने लिहिलं: "विठ्ठलकाका गेले. माझ्याच हातून. अक्का झोपल्यात, त्यांना सांगायची हिंमत होत नाही."

मग मी ॲपची मदतीची पानं उघडली. हरवलेला प्राणी शोधताना मध्ये फोन आला तर सगळंच अर्धवट राहील, असं तिथे बजावलेलं होतं. मी फोन येणं बंद केलं आणि शोधायला लागले.

तो निरोप रवीला गेलाच नव्हता. रवीच्या नावाच्या बरोबर वर आमच्या अख्ख्या घराण्याचा ग्रुप होता. तिथे गेला.

आता हे लक्षात घ्या, की काकांना स्टेंट बसलेला सगळ्यांना माहीत होता. शिवाय मी नुकतीच गाडी शिकले होते आणि रस्ता रुंद म्हणून सरावाला देवनहळ्ळीच्या बाजूलाच जात होते. त्यामुळे 'माझ्याच हातून' वाचून कुणालाही फारसा अचंबा वाटला नाही. माझा फोन बंद. काका दिवसभर झाडांत असतात आणि त्यांचा फोन घरात, त्यामुळे तिकडेही कुणी उचलेना. सुषमाने शेवटी रडत रडत अक्कांना फोन लावला.

अक्का आतल्या खोलीतून बाहेर आल्या. केस सुटलेले, फोन हातात तसाच. खुर्चीवर बसल्या आणि माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "विठ्ठल गेला, आणि तू मला उठवलं नाहीस?"

मला वाटलं, यांना गेमचं कळलं. मी लगेच त्यांचे पाय धरले. म्हटलं, अक्का, चूक झाली, मी अजून शोधतेय, कदाचित मिळतीलही.

"मिळतील म्हणजे?" अक्का म्हणाल्या. "दवाखान्यातून आला तेव्हा निरोप पाठवला होता त्याने. वैनींच्या हातचा सारू प्यावासा वाटतो म्हणाला. मी पाठवला नाही गं."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी घाईघाईने सांगितलं, की खरे काका नाहीत गेले, कासव गेलंय. अक्कांनी माझ्याकडे बघितलं. डोळे पुसले. खरे काका जिवंत आहेत हे पटायला त्यांना थोडा वेळ लागला, आणि ते पटल्यावर त्यांनी अगदी शांतपणे विचारलं, "म्हणजे कासव तू घालवलंस?"

मी ग्रुपवर खुलासा टाकला, पण निम्मे लोक तोवर प्रवासाला निघाले होते. शिवाय काका फोन उचलत नव्हते ते नव्हतेच, आणि एकदा मनात पाल चुकचुकली की चुकचुकली. अक्का म्हणाल्या, टॅक्सी बोलाव. त्यांनी डब्यात सारू, म्हणजे आपलं सार, भरला, नवं यंत्र पिशवीत टाकलं आणि चपला घालून दारात उभ्या राहिल्या. हेब्बाळच्या उड्डाणपुलावर गाडी मुंगीसारखी सरकत होती. अक्का मांडीवरचा डबा दोन्ही हातांनी घट्ट धरून होत्या.

आम्ही पोचलो तेव्हा काका पंचा नेसून एका झाडाला पाणी घालत होते. आमच्या मागोमाग दुसऱ्या गाडीतून सुषमा आणि तिचा नवरा उतरले. सुषमाने माझा खुलासा वाचला नव्हता, तिच्या हातात मोगऱ्याचा भलाथोरला हार होता. काकांनी आधी हाराकडे बघितलं, मग आमच्या चेहऱ्यांकडे, आणि मग पाइप खाली ठेवला.

"कोण गेलं?" त्यांनी विचारलं.

उत्तर मलाच द्यावं लागलं. उन्हात उभी राहून मी त्यांना सगळं सांगितलं. जुना खेळ, नवा खेळ, मधली धर्मशाळा, चुकलेला निरोप. काकांनी एकदाही अडवलं नाही. शेवटी फक्त विचारलं, "म्हणजे मी कासव?"

"तेवढंच ऐकलंस," अक्का म्हणाल्या. त्या अजून फाटकातच उभ्या होत्या. मग जरा घुटमळून, काकांच्या डोक्यावरून पलीकडच्या झाडाकडे बघत त्यांनी विचारलं, "जेवलास?"

"नाही," काका म्हणाले. (त्यांचं उष्टं ताट ओट्यावर पडलेलं मी स्वतः बघितलं.)

त्या दिवशी काका दुसऱ्यांदा जेवले. सारू वाटीला तोंड लावून प्यायले आणि वाटी पुन्हा पुढे केली. अक्कांनी ती भरली. पोळ्यांचा विषय निघाला नाही. सुषमाच्या नवऱ्याने तो हार देवांच्या तसबिरीला घातला, तो इतका मोठा होता की देव दिसेनासे झाले.

जेवण झाल्यावर अक्का नवं यंत्र घेऊन बसल्या. एकेक प्राणी बघत पुढे जात होत्या. एकदम थांबल्या. पडद्यावर एक अवाढव्य, अंगभर चिलखत चढवलेलं धूड होतं, आणि नावाच्या जागी त्या जातीचं भलतंच परकं नाव.

"हा विठ्ठल," अक्का म्हणाल्या.

मी म्हटलं, कसं शक्य आहे, ते तर एवढंसं हिरवं कासव होतं.

"बाकीचे सगळे समोर बघतायत. हा एकटाच मान आत घेऊन बसलाय. हाच."

मी मदतीची पानं पुन्हा वाचली. तिथे सगळं स्वच्छ लिहिलेलं होतं. काही प्राणी एका खेळातून दुसऱ्यात गेले की मोठे होतात आणि रूप बदलतात. आणि प्राण्याच्या नावात कुठल्याही भाषेतला असभ्य शब्द असेल तर ते नाव आपोआप पुसलं जातं. आता विठ्ठलमध्ये असभ्य काय? मग मी शोधलं, आणि कळलं ते काकांना सांगण्यावाचून गत्यंतर नव्हतं. जगातल्या बऱ्याच भाषांत 'काका' म्हणजे लहान मुलं लंगोटात जे करतात ते.

काकांचं पोट हलायला लागलं, आणि ते इतके हसले की अक्कांना त्यांच्या पाठीवर हात फिरवावा लागला. "सावकाश," त्या म्हणाल्या, "तुला बीपी आहे."

आता दर रविवारी काका राजाजीनगरला जेवायला येतात. चकोते आणतात आणि पोळ्यांबद्दल अवाक्षर काढत नाहीत. मोडक्या बिजागरीचा जुना गेम अक्कांनी त्यांना देऊन टाकला. काकांनी त्याला चिकटपट्टी लावली आणि आता तेही प्राणी पकडतात. परवा त्यांनी मोठ्या कौतुकाने सांगितलं, की एक नवा प्राणी सापडलाय आणि त्याला त्यांनी माझं नाव दिलंय. मी मनातून फार सुखावले. विचारलं, की काका, त्याच्यात विशेष काय आहे?

काकांनी चष्मा वर केला आणि प्रामाणिकपणे सांगितलं, "दिसायला फार हुशार आहे."