मोटरची गोधडी

माझी बायको जमना कुठल्याही गोष्टीला आधी उलटा हात लावून बघायची. तव्याला, बैलाच्या कानाला, पोराच्या कपाळाला. म्हणायची, "तळहात खोटं बोलस. त्यानी चामडी जाड शे."

गावात वीज आली त्या हिवाळ्यात आम्ही बैल विकून विहिरीवर मोटर बसवली. आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, ते पटलं नव्हतं. जमनेला मात्र ती दारात आलेली गायच. तिनं मोटरला हळदकुंकू लावलं. गारठू नये म्हणून जुन्या लुगड्यांची जाड गोधडी शिवून वरून घट्ट बांधली. गाव बघायला आलं.

वैशाखात मोटर तापायला लागली. थोडी चालली की जळका वास. बंद करा, वाट बघा. केळीचे घड भरत होते आणि शेवटच्या ओळीला पाणी पोचेना. वायरमन गेला नंदुरबारला, लग्नाला. मला वाटलं ऊन लागतंय, म्हणून मी गोधडीवर आणखी पोतं टाकलं.

आबा म्हणाले, "मोट बांध परत."

"बैल कोठे शेतस, आबा?"

मोटर जळली तर केळी गेली, हे दोघांनाही कळत होतं.

तेवढ्यात जमना भाकरी घेऊन आली. मी खटका पाडून मोटर बंद केली. तिनं गोधडीखाली उलटा हात घातला आणि चटकन मागे घेतला. डोक्यावरचा पदर सावरत म्हणाली, "आबा, राग धरू नका. चुल्हापुढे मी पदर काढी ठेवस, नहीते जीव गुदमरस. हिनी काय गत व्हई?"

आणि स्वतः शिवलेली गोधडी स्वतःच ओढून काढली. मोटरच्या मागच्या पंख्याच्या जाळीत हळद आणि चिंध्यांचे धागे गच्च बसले होते. काडीनं कोरून काढले. चार खांब रोवून उंचावर पाचटाचं छप्पर घातलं. मोटर गार झाल्यावर खटका वर केला.

चालली. चालतच राहिली. दिवेलागणीच्या आत पाणी शेवटच्या केळीला लागलं. जमना चिखलात उभी राहून हसत होती, पदर पार खांद्यावर. आबांनी मुद्दाम तिकडे पाठ केली आणि म्हणाले, "सून मन्ही बैलसपेक्षा भारी शे."

गेल्या हिवाळ्यात तिला ताप भरला. मी तीच गोधडी तिच्या अंगावर घातली.

"काढा ती," ती म्हणाली. "मोटर शिकनी, तुम्ही अजून नही."

काढली. कपाळाला उलटा हात लावला. चटका बसला.

ती गेली त्या दिवशी अंगणात माणसं जमली. विहिरीवर मोटर चालू होती. कुणी तरी म्हणालं, बंद करा.

मी म्हटलं, राहू द्या. शेवटच्या ओळीला पाणी पोचू द्या.