दोन कंट्रोलर, एकच रंग

आगाशीच्या नरहरी चुरींबद्दल गावाला दोन गोष्टी पक्क्या ठाऊक होत्या. एक, त्यांच्या वाडीतल्या सोनचाफ्याला जो वास आहे, तो आसपासच्या कुठल्याच वाडीत नाही. आणि दोन, हा गृहस्थ आतल्या गाठीचा. एखादं काम करायचं नसलं की तोंडाने नाही म्हणणार नाही. मुकाट्याने जाईल आणि मुद्दाम चुकवून येईल.

दुसऱ्या गोष्टीचे दाखले त्यांची बायको मथुरा हिच्याकडे ढिगाने होते. चतुर्थीला तिने त्यांना परसातल्या जास्वंदीची फुलं आणायला धाडावं आणि त्यांनी रिकामी परडी हलवत परत यावं. झाडाला फूलच नाही म्हणे. मथुरेने तणतणत बाहेर जाऊन बघावं, तर झाड लालभडक फुलांनी लहडलेलं. तरुणपणी एकदा टोमॅटो लावले, तर पहिल्याच तोड्याला यांनी निम्मे हिरवे टोमॅटो पाटीत भरून बाजाराला पाठवले. तेव्हा वडील हयात होते. त्यांनी चारचौघांत विचारलं होतं, डोळे आहेत की बटणं? त्या दिवसापासून नरहरीभाऊंनी टोमॅटो-मिरचीला रामराम ठोकला आणि वाडीत मोगरा, चाफा आणि केळी एवढंच ठेवलं. मोगरा पांढरा, चाफा वासावर सापडतो आणि केळं तयार झालं की त्याची धार मोडते, ते बोटाला कळतं. कपडेही ते पांढरेच घालत. लोक म्हणत, भाऊंची राहणी साधी. पांढऱ्यात चुकायला जागा नसते, हे खरं कारण त्यांनी कधी कोणाला सांगितलं नव्हतं.

पण मथुरेच्या मनात खरी सल होती ती साडीची. तिच्या धाकट्या भावाच्या लग्नाला तिला डाळिंबी रंगाची साडी हवी होती. भाऊ एकटेच विरारला गेले आणि मोठ्या हौसेने शेवाळी रंगाची घेऊन आले. वर तिच्यासमोर घडी उलगडून म्हणाले, बघ, तू सांगितलीस तशीच मिळाली. मथुरेला वाटलं, हा माणूस आपली थट्टा करतोय. ती साडी तिने कपाटाच्या तळाशी घातली, आणि पुढे कशावरूनही भांडण निघालं तरी ते फिरून फिरून शेवाळी साडीवरच येऊन थांबायचं.

नरहरीभाऊ वाद घालत नसत. त्यांचं त्यांनाच कोडं उलगडलेलं नव्हतं. शाळेत चित्रकलेच्या तासाला त्यांनी झाडाचं खोड हिरवं आणि पानं तपकिरी केली तेव्हा मास्तरांनी कान पिळला होता. तेव्हापासून त्यांची समजूत अशी, की रंग ओळखणं ही पाढ्यांसारखी पाठ करायची गोष्ट आहे. इतरांनी ती नीट घोकली, आपली कच्ची राहिली. आता या वयात शिकवणी कोणाकडे लावायची?

ती शिकवणी अखेर सुनेने घेतली, आणि तीही खेळता खेळता.

त्यांचा मुलगा प्रीतम कामासाठी सोमवार ते शुक्रवार पुण्याला असे. सून हेमाली विरार पूर्वेच्या बिल्डिंगीत वाढलेली, विमा कंपनीच्या ऑफिसात नोकरीला. माहेराहून येताना तिने भांडीकुंडी फारशी आणली नाहीत, पण आपला गेमिंगचा कॉम्प्युटर मात्र मांडीवर घेऊन आली. तो तिने दिवाणखान्यातल्या टीव्हीला जोडला. तिच्या आवडीचा एक खेळ दोघांनी मिळून खेळायचा होता. पडद्यावर पाण्यावर तरंगणारं एक स्वयंपाकघर, त्यात दोन आचारी. गिऱ्हाइकांच्या मागण्या येत राहतात. एकाने भाजी चिरायची, दुसऱ्याने शिजवायची, ताटं वाढायची, भांडी विसळायची, आणि सगळं वेळेत. प्रीतम घरी नसला की जोडीदार कुठून आणायचा? तिने एका संध्याकाळी सासऱ्यांच्या हातात खेळ चालवायचा, बटणांचा कंट्रोलर दिला.

भाऊंना खेळ भलताच आवडला. दोन दिवसांत ते सराईतासारखे कांदे चिरू लागले. मथुरा दारात उभी राहून बघायची आणि म्हणायची, जन्मात कधी चहाचा कप विसळला नाही, आणि इथे बघा, सुनेबरोबर भांडी घासतायत.

अडचण एकच होती. हेमालीने कॉम्प्युटरवरून दोन्ही कंट्रोलरच्या दिव्यांना रंग देऊन ठेवले होते. कंट्रोलरच्या पुढच्या बाजूला दिव्याची एक बारीक पट्टी असते; एकाची तिने लाल केली, दुसऱ्याची हिरवी. लाल कंट्रोलरच्या आचाऱ्याची टोपी लाल, हिरव्याच्या आचाऱ्याची हिरवी. म्हणजे कोणी गोंधळायला नको. आणि भाऊ रोज गोंधळायचे. हिरवा घ्या सांगितलं की लाल उचलायचे. कंट्रोलर बरोबर मिळाला तरी खेळ सुरू झाला की नजर हेमालीच्या आचाऱ्यावर ठेवायची आणि अंगठ्याने आपला आचारी हलवायचा. परिणामी भाऊंचा आचारी हातातल्या सूपसकट पाण्यात पडायचा. टोमॅटोच्या जागी कोबी वाढला जायचा. गिऱ्हाइकं चिडून निघून जायची.

मथुरेने सुनेला बाजूला घेऊन सांगितलं, मनाला लावून घेऊ नकोस, मुद्दाम करतात, त्यांचा स्वभावच तसा आहे.

पण हेमालीला ते पटेना. सूप पाण्यात पडलं की सासऱ्यांचा चेहरा किती पडतो, हे ती शेजारी बसून बघत होती. मुद्दाम करणाऱ्याचा चेहरा असा पडत नाही. सोमवारी तिच्या ऑफिसला सुट्टी होती, तेव्हा दुपारी जेवणं झाल्यावर तिने दोन्ही कंट्रोलर टीपॉयवर ठेवले आणि म्हणाली, पप्पा, यातला हिरवा मला द्या बघू.

भाऊंनी एक उचलला. उलटा करून बघितला. मग दुसरा उलटा केला. हेमालीच्या लक्षात आलं, ते दिव्याकडे बघतच नव्हते. मागच्या बाजूला ओरखडा कुठल्याला आहे, ते शोधत होते.

"ओरखडा नाही, दिवा बघा," ती म्हणाली.

भाऊंनी दिवे बघितले. बराच वेळ बघितले. मग अगदी सरळपणाने विचारलं, "दोन्हीचा एकच रंग आहे ना?"

हेमालीने कॉम्प्युटरवर रंग बदलायची खिडकी उघडली. त्यात रंगांचं एक गोल चाक होतं. माऊसने त्यावरचा ठिपका सरकवला की हातातल्या कंट्रोलरचा दिवा त्या त्या रंगाचा होई. तिने कंट्रोलर भाऊंच्या हातात दिला आणि सांगितलं, रंग बदलला असं वाटलं की बोला. तिने ठिपका लालवरून हळूहळू नारिंगीवर नेला, नारिंगीवरून पिवळ्यावर, तिथून पोपटीवर, हिरव्यावर. भाऊ आपले स्वस्थ. मध्येच एकदा म्हणाले, जरा उजेड वाढला का? ठिपका निळ्यावर गेला मात्र, भाऊ ताठ बसले.

"हा बदलला. हा बघ, हा साफ वेगळा आहे."

हेमालीने मग त्यांना समजावून सांगितलं. तिच्या ऑफिसात एकाला असंच होतं. काही जणांच्या डोळ्यांना लाल आणि हिरवा यांतला फरक जन्मापासूनच दिसत नाही. यात आळस नाही, हट्ट नाही, घोकंपट्टीचा तर संबंधच नाही. भाऊ ऐकत राहिले. त्यांना वाईट वाटेल अशी तिला भीती होती, पण त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू जे पसरत गेलं, ते परीक्षेचा पेपरच चुकीचा छापला होता असं समजलेल्या मुलाच्या चेहऱ्यावर असतं. ते एवढंच म्हणाले, की अर्नाळ्याचे मामा एका पायात लाल आणि एका पायात हिरवा मोजा घालून लग्नाला गेले होते, आणि आम्ही सगळे त्यांना हसलो होतो.

मथुरा देवळातून परतली तेव्हा हेमालीने तिलाही सांगितलं. मथुरेचा विश्वास बसला नाही. तिने नवऱ्याला हाताला धरून मागच्या पडवीत नेलं, जास्वंदीसमोर उभं केलं आणि विचारलं, इथून फुलं दिसतात का. भाऊ म्हणाले, जवळ गेलो आणि पाकळीचा आकार दिसला की कळतं. इथून सगळा पालाच दिसतो.

मथुरा पडवीच्या पायरीवर बसली. शेवाळी साडीचं नाव तिने काढलं नाही, पण दोघांनाही ती कपाटाच्या तळाशी दिसत होती. ती म्हणाली, "मग इतकी वर्षं मी भांडत कोणाशी होते?"

"माझ्याशीच," भाऊ म्हणाले. "दुसरं कोण होतं घरात?"

मथुरेला हसू आलं आणि हसता हसता तिने पदर डोळ्यांना लावला. मग लगेच आवाज चढवून विचारलं, की मेलं हे आधी कोणाला सांगायला काय झालं होतं. भाऊंनी विचारलं, काय सांगायचं? मला जे दिसतं तेच सगळ्यांना दिसतं असं वाटत होतं.

विरारच्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी ठिपक्याठिपक्यांची चित्रं दाखवली. त्यात लपलेले आकडे मथुरेने मागे बसून पटापट वाचले आणि भाऊंना पहिल्या चित्रानंतर एकही दिसला नाही. डॉक्टर म्हणाले, यावर औषध नाही आणि काळजीचंही कारण नाही. फक्त स्कूटर चालवताना सिग्नल कसा ओळखता? भाऊ म्हणाले, वरचा दिवा लागला की थांबायचं, खालचा लागला की निघायचं. आणि आपल्याकडे सिग्नल बघतं कोण?

बातमी अर्थातच गावात पसरली. पहिला धावत आला तो शेजारच्या नंदाखाल गावचा व्हॅलेरियन, भाऊंचा शाळेपासूनचा दोस्त. त्याच्या घराचं फाटक हिरवंगार होतं, आणि ते भाऊंमुळेच. चर्चच्या सणाच्या आधी त्याने भाऊंना विरारहून चॉकलेटी रंगाचा डबा आणायला सांगितला होता. त्याला ताप होता, रंगाऱ्याने विचारलं नाही, आणि व्हॅलेरियन बरा होऊन बाहेर आला तेव्हा फाटक रंगवून वाळलं होतं. तो आला तो थेट भाऊंच्या खांद्यावर हात टाकून म्हणाला, "नऱ्या, मला वाटत होतं, शाळेत मी तुला धावबाद केलं त्या क्रिकेटच्या मॅचचा तू सूड उगवलास." त्याने फाटक बदलायचं मनावर घेतलं नव्हतं, कारण पाहुण्यांना पत्ता सांगायला ते सोपं पडायचं.

आता खेळाचं काय, हा प्रश्न उरला होता. हेमालीने ठरवलं की भाऊंच्या कंट्रोलरचा रंग त्यांनी स्वतः निवडायचा. तिने माऊस त्यांच्या हाती दिला आणि चाक दाखवलं. शेजारी मथुरा येऊन बसली. भाऊ ठिपका सरकवत आणि मथुरा नावं सांगत जाई. हा आमसुली, हा मोरपिशी, हा चिंतामणी, हा अबोली. इतकी नावं आपल्या घरात आहेत हे भाऊंना माहीत नव्हतं. ते मधूनच थांबून विचारायचे, यात आणि मघाच्यात काय फरक? मथुरा न कंटाळता सांगायची, मघाचा जरा उन्हातला होता, हा सावलीतला. नवऱ्याला असं काही समजावून सांगण्याची पाळी तिच्यावर प्रथमच आली होती, आणि ती तिला बरीच मानवलेली दिसत होती.

चहा झाला, तरी निवड होईना. हेमालीला वाटलं होतं पाच मिनिटांचं काम. भाऊ मात्र केळीचा घड पारखावा तसे एकेक ठिकाण पारखत होते. शेवटी त्यांनी ठिपका एका जागी थांबवला, कंट्रोलर हातात घेऊन लांब धरला, जवळ आणला आणि म्हणाले, "हा. हा मस्त निळा आहे."

सासू-सुनेने एकमेकींकडे बघितलं. दिवा चांगला जांभळा होता, पिकलेल्या जांभळासारखा. हेमाली काही बोलणार तेवढ्यात मथुरेने मान हलवून तिला थांबवलं. पण रंग दिसत नसले तरी माणसांचे चेहरे भाऊंना चांगले दिसत.

"निळा नाही का?"

"जांभळा आहे," मथुरा म्हणाली. "हवा तर बदला."

भाऊंनी पुन्हा दिव्याकडे बघितलं. त्यांना तो जसा दिसत होता तसा आवडला होता. त्याला दुसरे लोक काय म्हणतात, याची भीती त्यांनी आजवर पुष्कळ बाळगली होती. राहू दे, ते म्हणाले, तुमच्यासाठी जांभळा असेल.

दुसऱ्या कंट्रोलरसाठी हेमालीने भाऊंना जांभळ्यापासून सहज वेगळा ओळखता येईल असा पिवळा लावला, आणि आता खेळू या म्हणून तो उचलायला गेली, तर तो मथुरेच्या हातात होता. मथुरेने पदर खोचला होता. बटणं कुठली ते तिने दारात उभं राहून केव्हाच पाहून ठेवलं होतं.

पहिल्या डावात पिवळ्या टोपीने जांभळ्या टोपीला असं राबवलं की विचारू नका. ताटं आणा, ते खाली ठेवा, कढई करपतेय, दिसत नाही का? आणि मग स्वतःच थांबून, करपलेलं तरी दिसतं ना, अशी चौकशी. भाऊ म्हणाले, धूर दिसतो. त्यांचा आचारी एकदाही पाण्यात पडला नाही. मथुरेचा मात्र दोनदा पडला, आणि दोन्ही वेळा तिने जांभळ्या टोपीला दोष दिला.

शनिवारी प्रीतम पुण्याहून आला, हातपाय धुऊन टीव्हीसमोर बसला आणि सवयीने त्याने कॉम्प्युटरवरची रंगांची खिडकी उघडली. आतून आईने सांगितलं, रंगांना हात लावायचा नाही, आणि दोन्ही कंट्रोलर चार्जिंगला लावलेत, ते जेवणानंतर आम्हाला लागतील. प्रीतमने बायकोकडे बघितलं. हेमाली म्हणाली, माझ्याकडे बघू नकोस, माझाच नंबर बुधवारपासून लागलेला नाही.