इटलीकाकांची न धुतलेली फिल्म

इटलीकाका स्वतः केलेलं शूटिंग बघायला घाबरायचे. अख्खा सिनेमा पुरा होईपर्यंत एकही रीळ धुवायला द्यायचे नाहीत. "अर्धं बघितलं की मी शहाणपणा करायला लागतो," म्हणायचे. तोवर रिळांचे बंद डबे शेजारच्या मावशींच्या फ्रीजरमध्ये, मटारच्या पिशव्यांखाली. कुणी हात लावायचा नाही. न धुतलेल्या रिळाला उजेड लागला की खेळ खलास!

काका मूळचे सिसिलीतल्या कोळ्यांच्या गावचे. तिथल्या म्हाताऱ्या कोळ्यांना घेऊन त्यांनी पहिला सिनेमा काढला. तो नावाजला गेला, तसे मोठे निर्माते दारात आले. यांनी दार लावून घेतलं. "पैसे देणारा सिनेमाचा शेवट स्वतःच्या मनासारखा मागतो," म्हणे. आता बोला! त्या ताठ्यापायी जन्मभर लोकांच्या लग्नांचं शूटिंग करून पोट भरलं आणि साठेल त्यातून आपले सिनेमे काढले. फिरत फिरत शिकागोत आले आणि डेव्हन ॲव्हेन्यूवर आमच्या शेजारच्या खोलीत राहू लागले.

आम्ही म्हणजे मी आणि मावशी. मी नागपूरची, शिकायला आलेली, मुळातच भित्री. मावशी अमरावतीच्या, मी त्यांची पेइंग गेस्ट. त्या जेवणाचे डबे करून विकतात. त्यांचा व्हिसा कधीच संपलाय. हे ठाऊक असूनही काकांनी मावशींनाच नायिका केलं! कणीक मळत मावशींनी आपली सगळी कहाणी कॅमेऱ्यासमोर सांगायची, असा तो सिनेमा. मी परोपरीने विनवलं, की नका हो या फंदात पडू. मावशी म्हणाल्या, "अगं, इतकी वर्षं लपून काढली. एकदा तरी कुणी नीट बघू दे मला." मी माइक धरला.

मग रस्त्यावर इमिग्रेशनवाल्यांच्या काळ्या काचांच्या गाड्या फिरायला लागल्या. ओळखीतल्या एकाला बस स्टॉपवरूनच उचललं. दारावर टकटक झाली की मी आधी दिवा मालवायचे. एका दुपारी खालचा दुकानदार धापा टाकत वर आला. दोन माणसं विचारून गेली होती, तो म्हातारा कुणाकुणाचं शूटिंग करतो म्हणून. परत येतो म्हणाली होती.

हे ऐकून काका पांढरेफटक पडले. डबे कुठेतरी लपवू या, असं मी म्हटलं. ते त्यांच्या कानापर्यंत पोचलंच नाही. त्यांनी फ्रीजरमधले डबे काढून खिडकीशी नेले. बाहेर लख्ख ऊन होतं. त्यांना पहिलं झाकण निघेना. ते मावशींनी काढून दिलं. काकांनी रीळ ओढून उन्हात धरलं. मग दुसरं, मग तिसरं. मी भिंतीला टेकून रडत होते.

थोड्याच दिवसांत काका सिसिलीला बहिणीकडे गेले. कॅमेरा त्यांनी पुन्हा हातात घेतला नाही. ती माणसं आमच्याकडे कधी आलीच नाहीत. मी मात्र अजून जिन्यातल्या पावलांकडे कान लावून बसते.

काकांचा फोन येतो, तेव्हा पहिला प्रश्न तोच असतो, ती माणसं आली होती का. मावशी माझ्याकडे न बघता त्यांना सांगतात, "आली होती. सगळं घर उपसलं आणि रिकाम्या हातांनी गेली."