राजाची उडी

देशी बुद्धिबळात राजाला एक सवलत असे. त्याला एकदाही शह लागलेला नसेल, तर साऱ्या डावात एकदाच तो घोड्यासारखी अडीच घरांची उडी घेऊ शके. नव्या, म्हणजे जगभर चालणाऱ्या रीतीत ही सवलत नाही. तिथे किल्लेकोट आहे, म्हणजे राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवून राजाला आडोशाला नेणे. वऱ्हाडात माझ्या पिढीचे खेळाडू देशी रीतीत वाढले आणि नव्या रीतीत स्पर्धा खेळले. दोन्ही रीती एकाच डोक्यात राहत. त्या एकमेकींत मिसळत नाहीत, असा आमचा समज होता.

आमच्यातला सर्वांत मोठा खेळाडू अकोल्याचा. सरकी-ढेपेचा, म्हणजे कापसाच्या बियांचा आणि गुरांच्या पेंडीचा व्यापारी. सगळे त्यांना भाई म्हणत, मीही म्हणे. मी अमरावतीच्या एका शाळेत गणित शिकवीत असे. ते मला मास्तर म्हणत. वयाने ते वडील, म्हणून मी त्यांना अहो-जाहो करीत असे आणि ते मला अरे-तुरे.

भाईंची कीर्ती एका डावाने सुरू झाली. त्या काळी पुण्याचा एक नामवंत खेळाडू अमरावतीला आला होता. दिवसा त्याने अनेक पटांवर एकाच वेळी खेळून सर्वांना हरवले. संध्याकाळी आमच्या बुद्धिबळ मंडळाच्या खोलीत भाईंनी त्याला देशी रीतीने एक डाव खेळण्याची विनंती केली. त्याने मान्य केली. डावाच्या मध्यात भाई संकटात सापडले, आणि शह लागायच्या आत त्यांचा राजा उडी घेऊन माऱ्याबाहेर गेला. पुढे त्यांनी प्याद्याने मात दिली. देशी खेळात प्यादेमात सर्वांत मानाची. पाहुणा उठला. कोट घालता घालता म्हणाला, "गंमत आहे. पण ह्याला बुद्धिबळ म्हणत नाहीत."

भाईंनी पट गुंडाळला. दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्याकडून नव्या रीतीचे पुस्तक मागून नेले. पुस्तक इंग्रजी होते, आणि भाईंचे शिक्षण उर्दू शाळेत झालेले. मी दर रविवारी अकोल्याला जाऊन त्यांना ते वाचून दाखवी. वर्ष संपण्याच्या आत वाचून दाखवणारा हरू लागला.

पुढे विभागाचे अजिंक्यपद त्यांनी अनेकदा मिळवले. नागपूरचे, जळगावचे खेळाडू त्यांच्याविरुद्ध बरोबरीवर समाधान मानीत. परंतु राज्य स्पर्धेला ते कधीच गेले नाहीत. ती पुण्यात, कापसाच्या ऐन हंगामात भरे. जिनिंगच्या कारखान्यांतून सरकी निघे ती त्याच दिवसांत, आणि वर्षाचा धंदाही त्याच दिवसांत. जिंकलेली जागा ते दुसऱ्याला सोडत, आणि दरवर्षी गेलेल्या माणसाला परतल्यावर एकच विचारत, "तो पुन्याचा आला होता का?"

तो येत असे. म्हातारा होत होता, पण येत असे.

मग ती वर्षे आली, ज्यांविषयी वर्तमानपत्रांनी पुष्कळ लिहिले. मी त्यांत भर घालीत नाही. कापूस येईना. जिनिंगची धुराडी थंड होती. ज्या वर्षी हंगामच नव्हता, त्या वर्षी भाई मोकळे होते. त्यांनी मला निरोप पाठवला, "यंदा मी जातो."

विभागीय स्पर्धा अकोल्यात, एका बंद जिनिंगच्या रिकाम्या गोदामात होती. भिंतींच्या कोपऱ्यांत जुन्या कापसाचे पुंजके अडकलेले होते. राज्य स्पर्धेसाठी जागा एकच. तिवशाचा एक चांगला खेळाडू, कोरडवाहू शेतकरी, आला नाही. कारण कोणी विचारले नाही. त्या वर्षांत न आलेल्या माणसाचे कारण विचारण्याची रीत उरली नव्हती. त्याचे नाव पुकारले गेले, घड्याळ सुरू केले गेले, आणि रिकाम्या खुर्चीसमोर ते वाजत राहिले. मला एका जागी बसवेना. माझ्या प्रत्येक चालीनंतर मी उठून दारापर्यंत जाई आणि परत येई.

शेवटची फेरी भाई आणि मी, अशी लागली. दोघांचे गुण समान होते. बरोबरी झाली असती तर आधीच्या निकालांवरून जागा भाईंना मिळत होती. मला जिंकणे भाग होते. खेळायला बसताना ते म्हणाले, "मास्तर, मुरव्वत नको."

"मी कधी केली?"

"म्हून तर तुझ्यासंग खेळतो."

मी जोर लावला. भाईंनी किल्लेकोट लांबणीवर टाकला होता. मधली फळी उघडली आणि त्यांचा राजा स्वतःच्या घरातच माझ्या माऱ्याच्या तोंडाशी आला; शह तेवढा अजून लागला नव्हता. त्यांनी बराच वेळ विचार केला. मग राजा उचलला आणि वजिराच्या उलट बाजूला, घोड्याच्या प्याद्यामागे, सुरक्षित घरी ठेवला. चाल उत्तम होती. माझा हल्ला विरला. मी निमूटपणे उत्तर दिले. भाईंनी घोडा पुढे काढला. भोवती उभे असलेले परतवाड्याचे एक किराणा व्यापारी हळूच म्हणाले, "निसटला ना बाप्पा म्हातारा!" सर्वांनी माना डोलावल्या.

पंच नागपूरचा होता, तरुण. तो आमच्या पटाजवळ आला, उभा राहिला, भाईंचा चाली लिहिण्याचा कागद पाहिला आणि दोन्ही घड्याळे थांबवली.

"हा राजा इथं कसा आला?"

कोणालाच प्रश्न कळला नाही. मलाही नाही. पटाभोवती इतके खेळाडू, त्यांतले निम्मे विभागाचे मानकरी. त्या सर्वांनी राजाला घोड्यासारखा उडताना पाहिले होते आणि कोणालाही त्यात वावगे दिसले नव्हते.

किराणावाले म्हणाले, "साहेब, आमच्या इकडं राजाले एकदा उडता येते."

"इकडं म्हणजे कुठं?"

"वऱ्हाडात."

हशा झाला. पंचही हसला, आणि मग हसायचा थांबला. भाई हसले नव्हते. ते त्या घराकडे पाहत होते.

नियम स्पष्ट होता. पट उडीच्या आधीच्या स्थितीत मांडला गेला. हात राजाला लागलेला, म्हणून राजाच हलवणे बंधनकारक. किल्लेकोटाच्या वाटेवर माझ्या उंटाचा मारा होता. राजाला एकच घर मोकळे होते, आणि तिथे तो वाचणार नव्हता. भाईंनी त्याला तिथे ठेवला.

मी म्हणालो, "बरोबरी घ्या."

त्यांनी मान वर केली. "काय म्हनला?"

"बरोबरी. मी देतो आहे."

"कावून?"

का, ते सांगण्याऐवजी मी हात पुढे केला.

"खैरात वाटून राहिला का, मास्तर? मी पुन्याले जाऊन त्याच्यासमोर बसू, आन् त्यानं इचारलं कसा आला, तं काय सांगू? राजा उडला म्हून?" त्यांनी बोटाने पट ठोकला. "चाल तुझी. खेळ. आन् देशील तं प्यादेमात दे."

वजिराने मात लगेच होती. प्याद्याने द्यायची तर एक चाल अधिक लागत होती, आणि त्या चालीत भाईंना सुटकेची एक अरुंद वाट मिळत होती. मी ती वाट दिली. त्यांना ती दिसली की नाही, हे मला आजही माहीत नाही. ते दुसरीकडे गेले. मी प्यादे पुढे सरकवले.

"वा," ते म्हणाले, आणि मोहरी स्वतः पेटीत भरली.

निघताना ते मला गोदामाच्या दारापर्यंत पोहोचवायला आले. "भेटला तं त्याले एक विचारजो. अमरावतीचा तो डाव आठवते का."

मी पुण्याला गेलो. पहिल्या दिवसापासून मला त्या प्रश्नाचेच ओझे होते. खेळात लक्ष नव्हते. त्या पुण्याच्या नामवंतांशी माझी गाठ शेवटून दुसऱ्या फेरीत पडली. त्यांनी मला सहज हरवले. मोहरी आवरताना मी विचारले. ते सभ्य गृहस्थ होते. डोळे मिटून त्यांनी आठवण्याचा प्रामाणिक प्रयत्न केला.

"अमरावती? मी कधी आलो होतो का तिकडे?"

मी डाव सांगितला. राजाची उडी सांगितली. प्यादेमात सांगितली.

"छान डाव आहे," ते म्हणाले. "पण तो मी नसेन."

परतीच्या गाडीत मला झोप आली नाही. गाडी अमरावतीजवळच्या बडनेऱ्यापर्यंत जात होती आणि तिकीटही तिथपर्यंतचे होते. अकोला आले तेव्हा मी पिशवी उचलून उतरलो. दुकानापर्यंत चालत जाताना एक वाक्य माझ्याजवळ तयार होते: आठवतो म्हणाले, चांगला आठवतो. ते म्हणणे सोपे होते.

भाई ढेपेच्या पोत्यांना टेकून बसले होते. गिऱ्हाईक नव्हते.

"हरला?"

"हरलो."

"त्याच्याशी?"

"त्यांच्याशीही."

"विचारलं?"

"विचारलं. त्यांना आठवत नाही. अमरावतीला आल्याचंच आठवत नाही."

भाईंनी पोत्यातून ढेपेचा एक तुकडा उचलला आणि बोटांनी कुस्करत राहिले. त्याचा भुगा झाल्यावर त्यांनी हात झटकले.

"मंग इतकी वर्सं मी कोनासंग खेळून राहिलो होतो?"

रस्त्यावरून एक रिकामी बैलगाडी गेली. मी घड्याळ पाहिले. अमरावतीच्या गाडीची वेळ होत आली होती. मी उठलो.

"बस," ते म्हणाले. "गाड्या येतेच."

त्यांनी तराजू बाजूला सारला आणि कापडी पट पसरला. मोहरी लावली. पांढरी स्वतःकडे घेतली, आणि राजासमोरचे प्यादे एकच घर पुढे केले. देशी रीतीत प्यादे एकच घर चालते. नव्या रीतीतही एक घर चालता येते. कोणत्या रीतीने खेळत आहोत, हे त्या चालीवरून कळण्यासारखे नव्हते.

मी विचारले नाही. माझे प्यादेही एकच घर पुढे केले.